झाकणीचा महिना

आणीबाणीत आमची पत्रकं बंद पडली आणि मी हिंगोलीकडच्या एका खेड्यात, थोरल्या बहिणीच्या सासरी जाऊन राहिलो. गावाचं नाव लिहीत नाही. काहून, ते पुढं कळेल. लिहायची खोड हाताला होती. खऱ्या जगाबद्दल लिहिलं की आत टाकत होते, म्हणून मी एका नसलेल्या मुलखाचं पंचांग करायला घेतलं.

त्या मुलखात सूर्य दोन. थोरला पांढरा, धाकटा तांबडा. दोन्ही वर असले की जोडदिवस. त्या दिवशी माणसाला दोन सावल्या पडतात आणि मुकादम दोघांचं काम मागतो. एकटा धाकटा असला की तांबूळ. लग्नं, बाजार, भांडणं सगळी तांबूळला. हे बहिणीनं घातलं. शिवाय एक काळा चांद. त्याला स्वतःचा उजेड नाही, कशाच्या पुढ्यात आला तरच दिसतो. वर्षातून एकदा तो दोन्ही सूर्य झाकतो आणि महिनाभर हटत नाही. तो महिना झाकणी. झाकणीत कुणी मोठ्यानं बोलायचं नाही, अशी तिथल्या सरकारची दवंडी. मला काय म्हणायचं होतं, ते शेंबड्या पोरालाही कळलं असतं.

कागद घरात ठेवायची सोय नव्हती. बहिणीनं ते सगळं चुलीमागच्या भिंतीवर कोळशानं काढलं. तिचे दिवस भरत आले होते.

"झाकणीत पोटुशीनं काय करायचं रे? महिनाभर पाणी न्हाई प्यायचं? तिथं बी सासू असंलच की."

"तिथं सासवा न्हाईत."

"मग तुझा मुलूख खोटा हाय."

तिची सासू मागंच होती. या बाईनं दीक्षा घेतल्यावर देव स्वतःच्या हातानं नदीत सोडले होते. पण गिराणाची, म्हणजे ग्रहणाची, भीती सुटली नव्हती. तिचं पहिलं लेकरू फाटक्या ओठाचं जन्मलं, दूध ओढता न येऊन गेलं. तू गिराणात विळीवर बसलीस म्हणून झालं, असं गावानं तिला सांगितलं. लेकरू गमावलेल्या बाईलाच गुन्हेगार ठरवणारं हे गाव! भिंतीवरच्या काळ्या चांदाकडं ती रोज बघायची आणि म्हणायची, "पुसा ते. त्याला नजर हाय." आम्ही हसायचो.

मग रेडिओनं सांगितलं, येत्या अमावास्येला सूर्यग्रहण. ती माझ्याकडं अशी बघायला लागली, की जणू मीच ते पिशवीत घालून आणलंय.

नेमक्या त्याच दिवशी सकाळपासून बहिणीला कळा सुरू झाल्या. दाजी हिंगोलीला जिनिंगवर. दुपार कलली तसं ऊन पाणी घातल्यासारखं पातळ झालं. लिंबाखालचे कवडसे सगळे विळ्यासारखे वाकले. पाखरं गप. सासूनं बहिणीला आतल्या खोलीत ठेवून बाहेरून कडी घातली.

"मावशी, कडी काढा. नर्सबाईला आणतो."

"गिराण सुटल्यावर आणा."

"चंद्राची सावली हाय ती नुसती!"

"पाव्हणं, भाषण नका देऊ. माझं लेकरू गेलं तवा तुमी जल्मला बी नव्हता."

आतून बहीण पाणी मागत होती. सासूनं पोतेरं घेतलं आणि भिंत पुसायला लागली. कोळसा पसरत गेला, सगळी भिंत काळी झाली, तरी तिचा हात थांबेना.

मी सायकल काढली. रस्त्यावर माणूस नव्हता. नर्सबाईच्या क्वार्टरवर कुटुंबनियोजनाचा तांबडा त्रिकोण, आणि दार बंद. खिडकीच्या फटीतून बाई म्हणाली, "सुटू द्या. आंघोळ करून येते."

"बाई, तुमी सरकारी पगार घेता! तिकडं बाई मरून राहिली!"

"पगार घेते म्हणून गिराण मला सोडतंय का? मला बी लेकरं हायत." खिडकी लागली.

मी परत आलो तेव्हा सूर्य अजून अर्धाच होता. कडी काढलेली. बहिणीजवळ पाण्याचा तांब्या आडवा पडलेला. काळ्या हातांची सासू मांडीवर पोरगी घेऊन तिच्या ओठावरून बोट फिरवत होती, पुन्हा पुन्हा.

"बराबर हाय," ती म्हणाली. मला नाही, स्वतःला.

मला चेव आला. "आता सगळ्या गावाला सांगतो! गिराणात झाली, आईनं पाणी पिलं, लेकरू धडधाकट! पत्रकच काढतो!"

"खबरदार," बहीण म्हणाली. "गिराण सुटल्यावर झाली. असंच सांगायचं."

"काहून?"

"उद्या कुणाचं ढोर मेलं तर कुणाकडं बघतील? तू जाशील निघून. पोरीला हितंच ऱ्हायचंय."

सासूनं मान हलवली. त्या घरात दोघींचं एकमत मी पहिल्यांदा पाहिलं, तेही माझ्याविरुद्ध.

दिवस मावळता नर्सबाई ओल्या केसांनी आली. कवा झाली, तिनं विचारलं. सासूनं ठरलेलं सांगितलं. बाईनं नाळ बोटानं चाचपली; ती केव्हाचीच थंड पडली होती. मग तिनं माझ्याकडं बघितलं.

पोरगी आता घरभर पळते. यंदा गारपिटीनं गावचा गहू झोपला. त्याच आठवड्यात मी बहिणीकडं गेलो, तेव्हा नर्सबाई मला बाजारात भेटली. चारचौघांत, गोड आवाजात म्हणाली, "भाची बरी हाय ना? गिराणाच्या दिशीची ना ती? कवा झालती म्हणे?"

"सुटल्यावर," मी म्हणालो. आजवर कुठल्या पत्रकात मी खोटं लिहिलेलं नाही.

गारपिटीचं बोलणं सोडून आसपासचे लोक माझ्याकडं बघायला लागले होते. घरी येऊन मी बहिणीला सांगितलं. तिनं अंगणातून पोरीला उचलून आत नेलं आणि सासूनं दार लोटलं.