सिद्धेश्वरच्या फ्रान्स क्लबाचा गोली

सिद्धेश्वरच्या धरणावर मासे धरणारे लई झाले, पण बॉल धरणारा एकच झाला. आमचा धम्मानंद. केशरबाईचा धाकटा. वसमतला इचारा, कळमनुरीला इचारा, सेनगावला तर नक्कीच इचारा. "फ्रान्सचा गोली" म्हणलं की जुनी माणसं अजून खुर्ची वढून देतात.

फ्रान्स म्हणजे परदेशातला न्हाई, आमचाच. अठ्ठ्याण्णवच्या साली धरणाच्या कॉलनीत रंगीत टीव्ही आला व्हता आन् गावच्या पोरांनी फुटबॉल वर्ल्ड कपची फायनल खिडकीला लटकून पाहिली. बाकीच्यांनी गोल पाहिले. धम्मानंदनं फक्त फ्रान्सचा गोलकीपर पाहिला. त्या माणसाचं डोकं तुळतुळीत व्हतं आन् बॉल त्याच्याकडं असा यायचा, जसं लेकरू आईकडं येतं.

दुसऱ्या दिवशी धम्मानंद शिरड शहापूरच्या बाजारात न्हाव्यापुढं बसला आन् डोकं साफ करून आला. वाटंत जो भेटंल तो सायकल थांबवायचा. "काहून रे, घरी समदे बरे हायत ना?" केशरबाईनं तर दारातच कपाळावर हात मारला.

"अरे मी जित्ती हाय ना अजून!"

"आई, फुटबॉलसाठी केलं."

"फुटबॉल काय डोक्यानं धरतेत का?"

क्लबाचं नाव ठरलं त्याच आठवड्यात. तातेराव म्हणजे धम्मानंदचा जोडीदार, एका होडीत बसून दोघं मासे धरायचे. तो म्हणला, "सिद्धेश्वर नाव काय वंगाळ हाय का?" धम्मानंद म्हणला, "ते पन ठिवू की. फ्रान्स क्लब, सिद्धेश्वर." संपला इषय. पांढऱ्या बनियनी आणल्या आन् कपड्याच्या निळीत बुडवल्या. निळा तर धम्मानंदच्या घरचाच रंग, केशरबाईनं सोताच्या हातानं बनियनी पिळल्या. पण नीळ ती नीळ. घाम आला की सगळी टीम छातीपासून कमरेपर्यंत निळी व्हायची. समोरचे हसायचे. गोल खाल्ले की हसायचे बंद व्हायचे.

आता मैदानाचं सांगतो, कारण सगळी गोष्ट मैदानाचीच हाय.

धरणाचं पाणी उन्हाळ्याकडं मागं सरतं. मागं जी जमीन उघडी पडते तो निव्वळ गाळ, लोण्यासारखा. लोक त्याच्यात टरबूज, काकडी लावतात, गाळपेर म्हणतात त्याला. त्यातलाच एक सपाट तुकडा गावानं पोरांसाठी बिनपेरता सोडला. तिथं उपसा सिंचनाचे जुने लोखंडी पाइप सिमिटात रोवून पोल उभे केले. जाळी तातेरावनं माशाच्या जुन्या जाळ्यातून इणली. शहरातल्या टीमांच्या गोलाला नुसते दोन बांबू असायचे तेव्हा आमच्या गोलाला जाळी व्हती. गोल झाला की बॉल आत तडफडायचा, रोहू मासा जसा.

आन् गाळावर पळायची एक रीत असते. गाळ वरून वाळतो पापडासारखा, आन् पापडाखाली लापशी. टाच रोवली की गेलात. पाय सपाट टाकायचा, लहान टाकायचा, आन् थांबायचं न्हाई. आमची पोरं बिनचपलेची, लहानपणापासून त्याच्यात वाढलेली. हिंगोलीच्या टीमा खिळ्याचे बूट घालून यायच्या. अर्ध्या खेळात बूट गाळात आन् पाय वर, असं व्हायचं. तातेराव वरडायचा, "बूट ऱ्हाऊ द्या भाऊ, पुढल्या साली उगवतेल!"

दोन हजार दोन-तीन-चार ही कोरडी सालं आली. धरण आटलं. गाव टँकरपुढं घागरी घेऊन उभं, पण मैदान मात्र जवळजवळ सालभर उघडं. फ्रान्स क्लब रोज खेळायचा. जिल्ह्याच्या लीगमध्ये ब गटातून अ गटात चढला. धम्मानंदच्या अंगावरून बॉल जाणं बंदच झालं व्हतं. होडीत तोल सांभाळून सांभाळून त्याला वाकडं-तिकडं उडी मारायची सवय, आन् ओलं जाळं वढून वढून पंजे असे की बॉल चिकटूनच बसायचा. थोरला भाऊ सोनाजी औंढ्याच्या बाजारात मिरच्या इकत घ्यायला जायचा आन् मिरच्या इसरून भावाचं कवतिक सांगून यायचा. खोटं एक अक्षर न्हाई सांगितलं त्यानं.

अ गटात असण्याची खरी मजा एकच व्हती. दसरा. हिंगोलीचा दसरा म्हणजे रामलीला मैदान, आकाशपाळणे, भेळीच्या गाड्या, पाय ठेवायला जागा न्हाई अशी गर्दी. त्या गर्दीपुढं अ गटाच्या टीमा सामने खेळायच्या. ब गटाला तिथं फक्त तिकीट काढून पाळण्यात बसता यायचं.

धम्मानंद दोन दसरे तिथं खेळला. पण त्याच्या आईनं त्याचा खेळ कधी पाहिला न्हाई. गावात ती कामाला जायची, आन् दसऱ्याला पांढरं लुगडं नेसून नागपूरला, दीक्षाभूमीवर. एक साल चुकवलं न्हाई. दुसऱ्या दसऱ्याला ती नागपूरहून परत आली, गुडघे सुजलेले. धम्मानंद तेल चोळायला बसला. तेव्हा ती म्हणली, "पुढल्या साली नागपूर न्हाई होत बाबा आता. गाडीत उभं ऱ्हावत न्हाई. घरी बुद्धाला मेणबत्ती लावीन आन् तुझा खेळ बघायला येईन. बघू तरी, डोकं कशापायी भादरलं व्हतं."

 दुसऱ्या दिवशी धम्मानंद तातेरावला होडीत म्हणला, "यंदा कायबी होवो, आपल्याला अ गटात ऱ्हायचंय. आई येनार हाय."

"मंग ऱ्हाऊ की," तातेराव म्हणला. "त्याच्यात काय एवढं?"

त्याच्यात काय, ते तुडुंब भरलेलं धरण दोघांच्या होडीखालीच व्हतं. त्या साली पाऊस असा झाला की वरच्या येलदरी धरणाचं पाणी सुटलं आन् सिद्धेश्वरचे दरवाजे उघडावे लागले. गावानं पेढे वाटले. कालव्याला पाणी, हिरीला पाणी, माशाला तर तोटाच न्हाई. सगळं गाव खुशीत, आन् एकटा धम्मानंद बांधावर बसून पाण्याकडं बघायचा. मैदान खाली, पोल खाली, सगळंच खाली.

"ज्याच्या त्याच्या तोंडी साखर पडून राहिली," केशरबाई म्हणायची, "आन् ह्यो असा बसलाय, जसं ह्याचंच घर बुडलंय."

लीग सुरू झाली. घरचं मैदान न्हाई म्हणून सराव न्हाई. बाहेरचे सामने सगळे मुरमाड मैदानावर. गाळावर वाढलेली पोरं मुरमावर गेली की लहान लहान पावलं टाकायची, आन् समोरचे लांब लांब ढांगा टाकून पुढं. धम्मानंद सवयीनं उडी मारायचा, आन् मुरमावर कोपर सोलून निघायचं. वसमतला हरले. कळमनुरीला हरले. औंढ्यात बराबरीत सुटले, तर पोरांनी जिंकल्यासारखं नाचून घेतलं. लीगचं काम बघणारे हरीश सर म्हणजे शाळेतले खेळाचे मास्तर, ते म्हणले, "धम्मानंद, घरचे सामने वसमतच्या मैदानावर घ्या." तिथं घेतले. तिथं बी हरले. निळीच्या बनियनी बी घाम कमी, धूळ जास्त, अशा मातकट दिसू लागल्या.

शेवटचा सामना राहिला सेनगावसंगं. ते बी तळालाच लोळत व्हते. हिशोब सोपा व्हता. सेनगाव जिंकलं तर फ्रान्स खाली. बराबरी झाली तरी फ्रान्स वर.

आन् त्याच टायमाला पाणी उतरलं. पहिल्यांदा पोलचा आडवा पाइप दिसला, शेवाळलेला. मंग उभे पाइप. मंग एक दिवस सगळं मैदान उघडं पडलं, वरून पापड धरलेलं.

हरीश सर म्हणले, "ओलं असंल अजून. वसमतलाच खेळू."

"न्हाई सर," धम्मानंद म्हणला. "घर ते घर. हितं आमाला कोनी हरवलं न्हाई."

त्यानं सोता टाच मारून मैदान तपासलं. गावाकडची बाजू बरी वाळली व्हती. पाण्याकडची बाजू कच्ची. धम्मानंद हसला. कप्तान तोच, नाणेफेक बी तोच जिंकला. त्यानं वाळलेली बाजू मागितली आन् सेनगावच्या गोलकीपरला पाण्याकडं धाडला. तातेरावच्या कानात म्हणला, "बघ आता, त्याला उभं ऱ्हायाला बी जागा मिळनार न्हाई."

अगदी तसंच झालं. फ्रान्सची पोरं अर्धा खेळभर त्या पाण्याकडच्या गोलावर तुटून पडली. त्यांचा गोलकीपर गाळात पाय रोवायचा, उपटायचा, परत रोवायचा. तातेरावनं सपाट पावलं टाकत जाऊन बॉल जाळीत घातला. गाव बांधावर उभं व्हतं, शिट्ट्या थांबेनात. सोनाजी तर सेनगाववाल्यांच्या जीपवर चढून बसला आन् वरून इचारत व्हता, "भाऊ, वल्हं देऊ का?"

मंग हाफटाइम झाला. आन् बाजू बदलल्या.

धम्मानंद चालत चालत पाण्याकडच्या गोलापाशी आला आन् थांबला. तिथं आता पापड राहिलाच नव्हता. आपल्याच पोरांनी अर्धा खेळ तुडवून तुडवून त्याची लापशी केली व्हती. आयुष्य गाळात गेलेल्या माणसाला एवढी साधी गोष्ट ध्यानात आली नव्हती. जो गाळ आपण दुसऱ्यासाठी तुडवतो, तिथं नंतर आपल्यालाच उभं राहायचं असतं. आधी ओली बाजू घेतली असती तर पापड शाबूत असतानाच निभावून गेलं असतं.

तरी लढला. काय लढला! आडवा झाला, उठला, तोंडातला चिखल थुंकला, परत आडवा झाला. सेनगाववाल्यांनी बूट काढून फेकले व्हते, ते बी आता बिनचपलेचे. त्यांचा कप्तान रतनसिंग, दांडगा गडी, त्यानं लांबून मारलेला एक बॉल धम्मानंदच्या बोटाला लागून आत गेला. बराबरी. बराबरी बी चालणार व्हती. धम्मानंद बोंबलला, "संपत आलं रे! नुसतं अडवा, अडवा!"

शेवटी एक बॉल आला. जोरात न्हाई, हळू. रतनसिंगचा पाय घसरला आन् बॉल नुसता ढकलला गेला. गाळातून लोळत, थांबत, परत लोळत. एखाद्या लेकरानं बी उचलला असता. धम्मानंद पुढं झेपावला, पण पाय मांड्यांपर्यंत आत गेले व्हते. अंग पुढं पडलं, पाय मागंच राहिले. त्यानं हात लांबवला. बॉल बोटांच्या पुढून, डोळ्यांदेखत, सावकाश, जसं काही त्याला कुठं जायची घाईच न्हाई, असा रेष ओलांडून जाळीला जाऊन टेकला.

बांधावर कोणी शिट्टी वाजवली न्हाई. सोनाजी जीपवरून उतरला.

सामना संपला तरी धम्मानंद तिथंच रुतलेला. एका बाजूनं तातेराव आला, दुसऱ्या बाजूनं रतनसिंग. "गोली, हात दे," रतनसिंग म्हणला. दोघांनी काखेत हात घालून वढला तेव्हा कुठं निघाला, धपकन् आवाज करून.

"जितलो खरं," रतनसिंग म्हणला, "पन तुमच्या ह्या दलदलीत मी परत येनार न्हाई बुवा."

"काहून येशील?" धम्मानंद म्हणला. "तुमी वर राहिले. आमी खाली गेलो."

घरी केशरबाई चुलीपाशी बसली व्हती. वरपासून खालपर्यंत चिखलात लडबडलेला पोरगा दारात उभा राहिलेला पाहून तिनं इचारलं, "काय झालं?"

"आई, यंदाच्या दसऱ्याला तू नागपूरलाच जा."

 तिनं पाणी तापवून दिलं. दसऱ्याला सुजल्या गुडघ्यानं नागपूरला गेली.

पुढचं साल तर असं पावसाचं आलं की मैदान काही उघडं पडलंच न्हाई. त्याच्या पुढचं बी. क्लब ब गटात राहिला, मंग नावापुरता राहिला, मंग पोरं कोणी पुण्याला, कोणी सुरतेला कामाला गेली. निळीच्या बनियनी घरोघरच्या बायांनी भांडे धरायला घेतल्या. धम्मानंद आन् तातेराव मात्र होडी घेऊन रोज त्याच मैदानावरून जायचे. नव्या माणसांना धम्मानंद वल्ह्यानं दाखवायचा, "हितं जाळं टाकू नका, खाली पोल हायत, फाटंल." उन्हाळ्यात आडवा पाइप दिसू लागला की गाव समजायचं, पाणी कमी झालं. एकदा पाइपाला होडी बांधून दोघं भाकरी खात बसले व्हते. तातेराव म्हणला, "आपन गोलाच्या बराबर वर बसलोय बघ. आता मार म्हनावं सेनगावला."

मंग दोन हजार नऊचं कोरडं साल आलं. पाणी हटलं ते पार लांब गेलं. गाव हवालदिल, टँकरची बोलणी सुरू. केशरबाई तोवर काठीवर आलेली. एक दिवस ती काठी टेकत बांधावर आली. खाली धम्मानंद पोलवरचं शेवाळ कापडानं पुसत व्हता. डोकं आता आपोआपच तुळतुळीत झालं व्हतं, न्हाव्याची गरज राहिली नव्हती.

"गाव पाण्यासाठी रडून राहिलं," ती वरून म्हणली, "आन् हे बाबा पाइप पुसून राहिले."

"आई, बघायला येते म्हनली व्हतीस ना?"

"मंग दाखव की! मी काय हितं मुक्कामाला आलेय का?"

तातेरावला हाक गेली. तो जुना बॉल घेऊन आला, हवा अर्धीच. सोनाजी आला. गावातले रिकामे चार जण आले. दोन्ही बाजूंचे गडी पुरे झाले न्हाईत तरी खेळ मांडला. तातेराव दुसऱ्या बाजूचा कप्तान. त्यानं नाणं काढलं, तर धम्मानंद म्हणला, "ठिव खिशात."

"मंग कोन्ती बाजू घेतोस?"

धम्मानंदनं गावाकडच्या वाळलेल्या गोलाकडं पाहिलं. मंग पाण्याकडं चालू लागला.

"ओली," तो म्हणला. "आधी ओली."

टाच न रोवता, सपाट पावलं टाकत तो पोलांच्या मधी जाऊन उभा राहिला आन् दोन्ही हात पसरले. बांधावरून केशरबाईचा आवाज आला, सगळ्या धरणाला ऐकू जाईल असा.

"अरे, कोरडी जागा सोडून चिखलात काहून उभा राहिला रे?"