केबिनमध्ये कोणी आलं नाही

गेटवर तीसेक कोळणी बसल्या होत्या आणि माझा भरलेला कंटेनर आत अडकला होता. संध्याकाळी कट-ऑफ होता. कट-ऑफ म्हणजे जहाजासाठी पोर्टवर माल घ्यायची शेवटची वेळ. ती चुकली की कंटेनर पुढच्या जहाजाला आणि मालाची पार्टी, म्हणजे माझं गिऱ्हाईक, दुसऱ्या गोदामाकडे.

उरणजवळ माझं एक्स्पोर्टचं गोदाम आहे. ट्रेलरवर क्लीनर होतो, तिथून इथवर आलो. गावातल्या बायका रस्त्याकडेच्या पट्टीवर मासळी सुकवतात. माझे ट्रेलर नंबर लागेपर्यंत तिथेच उभे राहायचे. बोंबलांवर धूळ आणि डिझेलचा धूर.

आंदोलन मोडायची या धंद्यातली रीत साधी आहे. पुढारी ओळखायचा, केबिनमध्ये बसवायचा, चहा पाजायचा, त्याच्या माणसाला लेबरचं कॉन्ट्रॅक्ट द्यायचं. मी सुगंधामावशींना आत बोलावलं. त्या माझ्याच गावच्या, मला लहानपणापासून ओळखणाऱ्या.

मावशी जागच्या हलल्या नाहीत. "आत कोन येनार नाय. काय ते हितंच बोल, सगल्यांना ऐकू जाऊ दे."

दुसरीला बोलावलं, तिसरीला बोलावलं. तेच उत्तर. मी ओरडलो, पोलिसांचं नाव काढलं. कोणी उलट शिवीसुद्धा दिली नाही. दिली असती तर पुढचं मला जमलं असतं.

वॉचमन म्हणाला, समाजमंदिरात यांचं ट्रेनिंग झालंय, पॅलेस्टाईनची कोणी बाई आलीय. मी गाडी काढली.

तिचं नाव नादिया. हात न उचलता हक्क कसा मागायचा आणि गावाचे निर्णय गावानेच कसे घ्यायचे, हे तिची संस्था तिकडे गावोगावी शिकवते. शाळेतल्या हमीदाबाई तिचं इंग्रजी मराठीत सांगत होत्या.

"इतक्या लांबून माझं गेट बंद करायला आलात?" मी विचारलं.

तिने माझं गेट पाहिलंही नव्हतं. काय मागायचं, कुठे बसायचं, ते बायकांनी ठरवलं, म्हणाली. मग सावकाश बोलली, "सैन्याने आमच्या गावचा रस्ता बंद केला होता, तेव्हा माझे वडील बोलणी करायला त्यांच्या छावणीत एकटेच आत गेले. काही न घेता बाहेर आले. तरी गावाने त्यांच्यावर पुन्हा विश्वास ठेवला नाही."

माझ्या केबिनमधून चहा पिऊन गेलेल्यांचं पुढे गावात काय होतं, हे मी कधी विचारलं नव्हतं.

परत आलो आणि गेटवरच खाली बसलो. मनातलं आधी बोलून टाकलं. शेजारच्या मोठ्या कंटेनर यार्डाचे ट्रेलर दिसत नाहीत? माझ्याच गेटवर का?

"त्यांचा मालक कुठं बसतो, कोनाला ठाव हाय? तू दिसतोस," मावशी म्हणाल्या.

"आनि वरडतोस पन," मागून कोणीतरी म्हणालं. सगळ्या हसल्या.

मग उघड्यावर घासाघीस झाली. माझा प्रत्येक शब्द शेवटच्या रांगेपर्यंत जायचा आणि उत्तर घेऊन परत यायचा. मी अर्धी पट्टी मागितली. मिळाली नाही. शेवटी ठरलं ते असं: पावसाळ्यात मासळी सुकत नाही, तेवढे महिने पट्टी माझी. एरवी त्यांची. मला माझ्या आवारातली रिकाम्या कंटेनरची एक रांग हलवून ट्रेलरला आत जागा करावी लागली.

तोवर कट-ऑफ गेला. पार्टीही गेली. शेजारच्या यार्डाचे ट्रेलर अजून रस्त्यावरच असतात आणि ते पाहून माझं डोकं अजून फिरतं.

पण केबिनमधली तडजोड सहा महिन्यांत फुटते. मग नवा पुढारी, नवा चहा. ही अजून टिकून आहे. मोडायची म्हटली तरी कोणाला आत बोलवायचं, तेच मला कळत नाही.