उघडे हात

मुलीकडे अमेरिकेत राहायला गेले होते, तेव्हा शेजारच्या मार्थाबाईंनी त्यांच्या आजोबांचा फोटो दाखवला. पैसे घेऊन बेसबॉल खेळणाऱ्या सुरुवातीच्या खेळाडूंपैकी ते एक. फलंदाजाच्या मागे बसून ते हातमोज्यांशिवाय, उघड्या हातांनी चेंडू झेलायचे. फोटोत त्यांचं एकही बोट सरळ नव्हतं.

“भीती नाही वाटायची त्यांना?” मी विचारलं.

“रोज वाटायची. पण मोडलेलं बोट दिसलं तर संघातली जागा जाईल, याची जास्त. म्हणून लपवून खेळायचे.”

पोटासाठी माणूस कशाकशासमोर उभा राहतो! शेवटी आजोबांची बोटं मिटेनाशी झाली आणि खेळ सुटला. भीतीही सुटली असेल, असं मला वाटलं.

“लहानपणी मी गंमत म्हणून त्यांच्याकडे संत्रं फेकलं,” मार्थाबाई म्हणाल्या. “एवढा धिप्पाड माणूस, दोन्ही हात पाठीमागे लपवून भिंतीला चिकटला.”