पारूबाईंची बोटं

बाई गेल्याचा फोन आला तेव्हा मी एपीएमसी मार्केटात कांदे निवडत होते. हातातले कांदे तिथेच टाकून रिकामी पिशवी घेऊन नावड्याला घरी परतले... उशीरच झाला होता. त्याला आता महिना उलटला.

पारूबाई आमच्या समोरच्या फ्लॅटमध्ये एकट्या राहायच्या. नव्वदी कधीच ओलांडलेली. मूकबधिर मुलांच्या शाळेत शिकवण्यात जन्म गेला. नजर होती तोवर टीव्हीचा आवाज बंद करून बघायच्या आणि कोण काय बोललं ते ओठांवरून मला सांगायच्या. त्यांची आई हिरा, मोरा बंदरातली कोळीण, मूकपटांत बारीकसारीक कामं करायची. तान्ह्या पारूला आजीजवळ ठेवून होडीनं मुंबईला जायची. एका खेपेला गेली ती तिकडेच तापानं वारली. सिनेमापायी पोर टाकली, असं अख्खा गाव म्हणायचा. एकटी आजी सांगायची, रडायचा सीन असला की हिरा तुझंच नाव घ्यायची, आवाज कुणाला ऐकू येणार होता... बाईंना आईचा चेहरासुद्धा आठवत नव्हता. आजी खरं सांगत होती की नुसती समजूत घालत होती, एवढंच त्यांना मरायच्या आत कळायला हवं होतं.

गेल्या वर्षी जुनी रिळं जमवणाऱ्या एका गृहस्थांकडे हिराच्या रडायच्या सीनचा तुकडा सापडला. काही क्षणांचाच. त्यांनी तो माझ्या मोबाईलवर पाठवला, पण तोवर बाईंची नजर पार गेली होती. मला देवाचा इतका राग कधीच आला नव्हता. चित्रावर चरे तर इतके, की बाईंच्या शाळेतल्या दोन शिक्षिकांनी हिराचे ओठ वाचून दोन वेगळी वाक्यं सांगितली.

"तू कर," बाई म्हणाल्या. "ती हलवते तसे ओठ हलव." आणि शाळेत मुलांना शिकवताना करायच्या तशी त्यांनी बोटं माझ्या ओठांवर ठेवली. गार बोटं. मी मोबाईलकडे बघत ओठ हलवायचे, त्या म्हणायच्या, "परत." सगळी दुपार त्यातच गेली.

शेवटी बोटं काढून घेत म्हणाल्या, "तू माजा नाव घेतेस गो. आय काय बोलते ता सांग."

मी मुद्दाम नव्हतं केलं. त्यांना जे हवं होतं तेच माझ्या ओठांवर येत होतं, आणि एकदा आलं ते मला पुसता येईना. त्यानंतर कितीतरी दुपारी आम्ही तेच केलं. पुढे पुढे बोटं ओठांवर असायची, पण "परत" म्हणणं थांबलं. त्यांनी आशा सोडली होती, आणि ते मला बघवत नव्हतं.

समोर आता कुलूप आहे. दुपारचा चहा झाला की मी मोबाईल काढते. हिरा रडते, काहीतरी म्हणते, पाठ फिरवते. माझेही ओठ हलतात. दर वेळी पारूच येतं... आणि ते चूक आहे की बरोबर, हे सांगणारी बोटं आता नाहीत.