लातूरच्या उन्हात हीटर

लातूर जिल्हा नवाच झाला होता आणि तिथल्या नव्या कचेरीत मला रुजू व्हायचं होतं. मी घरातला पहिला पदवीधर, म्हणून गावच्या पाटलांनी मोठ्या मनाने आपली जुनी मोटार दिली. वाटेत तिचा हीटर गळू लागला, इंजिनाचं गरम पाणी पायाशी साचलं आणि माझी एकुलती एक चांगली पँट गुडघ्यापर्यंत भिजली.

नाक्यावरच्या मिस्त्रीने चप्पल काढून आत पाय घातला.

"सायब, दुष्काळात पाहुण्याला पाय धुवायला कुणी तांब्याभर पाणी देईना. तुमची गाडी गरम पाणी द्यायलीय, अन् तुम्ही बंद करायलाव?"

तरी त्याने भंगारातल्या मोटारीच्या हीटरची, गरम पाणी खेळवणारी जाळी काढून बसवली. गळालेलं पाणी घमेल्यात धरून, फडक्याने गाळून पुन्हा रेडिएटरमध्ये ओतलं. मग म्हणाला, "काढा पँट."

त्याची लुंगी गुंडाळून मी चपला काढून उभा राहिलो. त्याने इंजिन सुरू करून हीटर लावला आणि पँट त्यापुढे धरली.

"अहो, उन्हात वाळेल की!"

"उन्हात कुणाची बी वाळती. मला माझं काम तपासायचंय. गळलं, तर पँटच सांगंल."

पँट काही बोलली नाही. घाईत त्याचं नाव विचारायचं राहिलं. कचेरीत रुजू झालो तेव्हा पँट कोरडी, कडक आणि कढत होती. नम्रपणे खाली पाहिलं, तर पायात मिस्त्रीची चप्पल होती.