तुळजाक्कांची व्याकरणाची चित्रं

आज मी चार माणसांसमोर उभा राहून बोलू शकतो, ते तुळजाक्कांमुळे. आई-वडिलांनी मला शिकवलं, पोटाला चिमटा घेऊन पदवीपर्यंत पोचवलं; पण माझं तोंड उघडलं ते बेंगळुरूत, बनशंकरीतल्या एका गच्चीवर, तुळजाक्कांनी. काही आठवड्यांपूर्वी सकाळी त्यांच्या मुलाचा, मंजूचा, फोन आला. "दत्ता, अम्मा झोपेतच गेली रे..." मी देवनहळ्ळीहून निघालो. सबंध शहर ओलांडून जायचं होतं, आणि वाटेत मला सारखं वाटत होतं, की पोचल्यावर त्या दारातच म्हणतील, "एवढा उशीर?"

माझं शिक्षण सोलापूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी झालं. वडील सायकली दुरुस्त करत. घरात पदवी मिळवणारा मी पहिलाच. बेंगळुरूतल्या बोम्मसंद्र्याच्या एका कारखान्यात यंत्रांच्या भागांची ड्रॉइंग काढायची नोकरी लागली आणि अक्कांच्या गच्चीवरची खोली भाड्यानं मिळाली. कारखान्यात सगळे इंग्रजी नाही तर हिंदी बोलत. मी नुसती मान हलवायचो. मराठी मंडळींच्या कार्यक्रमाला गेलो, तर तिथली पुण्या-मुंबईची मराठी ऐकून माझं 'व्हय' आणि 'न्हाई' घशातच अडकायचं. दिवसचे दिवस मी कुणाशी पुरतं एक वाक्य बोलत नसे.

अक्कांचं घराणं इथं कैक पिढ्यांपासूनचं. त्या जन्मभर सरकारी कन्नड शाळेत शिकवून निवृत्त झाल्या होत्या. घरात मराठी बोलत, तीत बरंच कन्नड मिसळलेलं. दर रविवारी सकाळी गल्लीतल्या मराठी घरांतली मुलं मराठी शिकायला त्यांच्या गच्चीवर जमत, अगदी माझ्या खोलीच्या दारापुढं. पहिल्या रविवारी मी दार लावून आत बसलो. थोड्या वेळानं कडी वाजली.

"तम्मा, आत काय अंडी उबवतोस? बाहेर ये."

तम्मा म्हणजे कन्नडात धाकटा भाऊ. मी म्हणालो, "मला शिकवता येत नाही, अक्का."

"शिकव म्हणून कोण म्हणालं? कारखान्यात चित्रं काढतोस ना? इथं काढ. बोलू नको हवं तर." आणि त्यांनी खडू हातात दिला.

त्यांची पद्धत साधी होती. आधी चित्र, मग गाणं, आणि व्याकरणातलं नाव सगळ्यात शेवटी, तेही मुलांनी मागितलं तरच. त्या दिवशी मी फरशीवर चार चित्रं काढली आणि मुलं एकेका चित्रावर उड्या मारत ओरडू लागली, "मांजर, मंजू, मंदिर, मीठ... ज्याला त्याला नाव नीट!" गाणी अक्काच रचायच्या, भाजी चिरता चिरता. शेवटी एखादं पोर विचारायचं, "पण अक्का, ह्या सगळ्यांना मिळून काय म्हणायचं?" मग कुठं त्या 'नाम' हा शब्द द्यायच्या, खाऊ द्यावा तसा.

क्रियापदाची पाळी आली तेव्हा मात्र मी अडलो. यंत्राचे भाग स्थिर असतात, त्यांचीच मला सवय. मी धावणारा मुलगा काढला. अक्कांनी चष्मा वर करून पाहिलं. "हा धावतोय, की स्टँडवर लावलेली सायकल आहे?" मुलं खदखदून हसली. "तम्मा, धावून दाखव. मग कळेल हात कुठं जातात ते." मी पँट वर दुमडून गच्चीला फेरी मारली, मागून सगळी पोरं टाळ्या वाजवत, "धावतं, पडतं, रडतं, हसतं, क्रियापद कधी गप्प नसतं!" टाकीजवळ ओल होती. मी आडवा झालो. "पडतं, पडतं!" असा एकच गलका. एका मुलीनं वाकून विचारलं, "काका, तुम्ही खरंच पडलात?"

"मग काय खोटं पडलो व्हय? पाय घसरला न्हवं!" मी बोलून गेलो, आणि एकदम ओशाळलो. पण मुलांनी ते 'न्हवं' सहज ऐकलं आणि पुढं धावली. अक्का हसत होत्या. "बोलतोस की रे छान," त्या म्हणाल्या. त्या आठवड्यात कारखान्यात मी पहिल्यांदा माझं ड्रॉइंग स्वतः समजावून सांगितलं, मोडक्यातोडक्या हिंदीत.

पुढं लग्न झालं, देवनहळ्ळीला घर घेतलं. वर्गातली मुलं वाढली म्हणून तो अक्कांच्या घराजवळच्या एका हॉलमध्ये भरू लागला. माझी मुलगी ईशा सहा वर्षांची झाली, तशी तिला घेऊन मी दर रविवारी येऊ लागलो. नव्यानं आलेल्या घरांतलीही मुलं होती. एकदा अक्का विशेषणाचं गाणं म्हणत होत्या, "गोड गोड पायसा, तिखट तिखट सार, विशेषण घातलं की चव येते फार." मागं बसलेल्या एका मुलाच्या आई, मेघनाताई, उठून म्हणाल्या, "अक्का, पायसा नको, खीर म्हणा ना. पुस्तकात खीर आहे."

"पुस्तकात असू दे गं. पोरांच्या वाटीत काय आहे?" अक्का म्हणाल्या.

"तसं नाही, पण शुद्ध मराठी शिकावी म्हणूनच इथं आणतो ना आम्ही मुलांना?"

अक्का त्यावर हसल्या. "बरं, धुवून वाळत घालते माझी मराठी." सगळे हसले. पुढच्या रविवारी मात्र अक्का आल्या नाहीत. त्याच्या पुढच्याही नाहीत.

मी त्यांच्या घरी गेलो. "त्या बाईचं काय चुकलं?" त्या म्हणाल्या. "मी मराठी शाळेत एक दिवस गेले नाही रे. माझी मराठी अम्माच्या चुलीपुढची. दुसऱ्यांच्या मुलांना ती कशी देऊ?"

"माझी कुठली मोठी हाय, अक्का?"

"तू पदवीधर," असं म्हणून त्या कॉफी आणायला उठल्या. त्या दिवशी मला कळलं, की हसण्यावारी नेलेलं ते वाक्य त्यांना किती खोल लागलं होतं.

वर्ग मेघनाताई घेऊ लागल्या. त्या मनापासून शिकवत, पण वर्गात आवाज होत नसे. मुलं छापील वहीतल्या रिकाम्या जागा भरत. मी फोन केला, की अक्का विचारत, "तिकडं पाऊस आहे का?" वर्गाचं नाव काढलं, की म्हणत, "ईशा जेवते ना नीट?" म्हणून शेवटी मी पत्र लिहिलं. मंजू सांगतो, की अम्मानं ते त्याला दोनदा वाचायला लावलं आणि म्हणाली, "सरी, बरं. येते म्हणून सांग त्याला." तो त्याच दिवशी संध्याकाळी मला फोन करणार होता, राहून गेलं. सकाळी केला तो फोन वेगळाच होता...

आता रविवारी जाग लवकर येते. आवरून बसतो आणि मग आठवतं. त्या 'येते' म्हणाल्या होत्या, ह्याचा आनंद मानावा की ह्याचंच दुःख करावं, हे मला अजून उमगत नाही. ते पत्र मंजूनं मला परत दिलं. तेच इथं देतो.

*

ती. अक्कांना दत्ताचा साष्टांग नमस्कार.

फोनवर तुम्ही विषय बदलता म्हणून लिहितो. गेल्या रविवारी वर्गात 'आणि' आला. मुलांनी हट्ट धरला, की चित्र काढायचंच. ईशानं हात धरलेल्या दोन मुली काढल्या. 'किंवा'ला मेघनाताईंच्या अर्णवनं दोन दारं काढली आणि मध्ये डोकं खाजवणारा मुलगा. मग 'पण' आला आणि सगळी अडली. वहीतल्या रिकाम्या जागेत तो सगळ्यांनी बरोबर भरला होता. चित्र कुणालाच जमेना. मी फळ्यापाशी जाऊन नुसता उभा राहिलो. मेघनाताईंनाही सुचलं नाही. अर्णव म्हणाला, "अक्कांना विचारू या." ताई मला म्हणाल्या, "तुम्ही बोलवा त्यांना. मी चुकीचं बोलले. माझ्या बोलावण्यानं त्या येतील की नाही, कोण जाणे." त्यांचा निरोप जसाच्या तसा कळवला आहे.

अक्का, मराठी शाळेत मी दहा वर्षं काढली, पण बोलायला तुमच्याकडं शिकलो. ईशानंही तुमच्याकडंच शिकावं, असं मला फार वाटतं.

फळ्यावर 'पण' लिहून शेजारी जागा सोडली आहे. मुलं ती कुणाला पुसू देत नाहीत. रविवारी सकाळी मी घ्यायला येतो. जेवायला आमच्याकडंच या, संध्याकाळी परत सोडीन.

तयार राहा.

तुमचा,
दत्ता