मास्तरांनी न वाढवलेला हप्ता

मास्तर म्हणजे शाळेतले नव्हेत, कापडाचे. बाजाराच्या कोपऱ्यावरच्या शिलाईच्या दुकानात ते कापणी करत. हातात मोठी कात्री आली की माणसाला मास्तर म्हणतात, तेवढाच त्यांचा शिक्षणाशी संबंध. समोर कुणी आलं की ते आधी त्याची कंबर बघायचे आणि मग चेहरा. जिन्यात भेटलात तर "काय, बरं आहे ना?" वगैरे नाही. "अर्धा इंच वाढलात," एवढं बोलून पुढे. बायकांना ते असं म्हणत नसत, पण बघत मात्र जरूर. म्हणून मास्तर वरून उतरताना दिसले की बिल्डिंगमधल्या बायका पोट आत ओढून जिना चढायच्या.

चौतीस वर्षं त्यांनी उभ्यानं काढली. कापणीला बसता येत नाही, टेबल कमरेच्या वर असतं. पायांच्या शिरा फुगून दोऱ्यांच्या लडीसारख्या झाल्या होत्या. घरी आले की वहिनी न विचारता गरम पाण्याची बादली पुढे सरकवायच्या. मास्तर पाय बुडवायचे आणि डोळे मिटून म्हणायचे, "संपलं की नुसता बसून राहणार आहे. कुणी उठ म्हटलं तरी उठणार नाही."

संपायचं होतं ते घराचं कर्ज.

चौथ्या मजल्यावर दोन खोल्या आणि स्वयंपाकघर. लिफ्ट होती, पण तिची मर्जी असेल तेव्हा. वीस लाखांचं कर्ज, वीस वर्षांची मुदत, दर पाच तारखेला पावणेसतरा हजार. घरात माणसं तीन, मास्तर, वहिनी आणि मुलगी; चौथा हा हप्ता. चौघांत तोच आधी जेवायचा. उरेल त्यात बाकीच्यांनी भागवायचं. भिंतींना रंग लागला नाही तो नाहीच. मुलीच्या शाळेची सहल दोनदा हुकली. समुद्र बघायला जायचं वहिनींच्या मनात होतं. ते "हप्ता संपला की" या फळीवर ठेवून दिलं होतं. त्या फळीवर इतकं काही साठलं होतं की ती खरी असती तर केव्हाच कोसळली असती. मुलगी शिकली, नोकरीला लागली, दुसऱ्या शहरात गेली. हप्ता मात्र घर सोडून कुठे गेला नाही.

त्याच बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर सलूनवाला राहतो. त्यानं त्याच वर्षी, त्याच बँकेतून, तेवढंच कर्ज घेतलं होतं. दोघं मिळूनच सह्या करायला गेले होते. पहिली तीन वर्षं दोघांचं सारखं चाललं. मग व्याजाचा दर चढू लागला आणि बँकेनं दोघांना बोलावून विचारलं, हप्ता वाढवायचा की मुदत?

सलूनवाला तोंडाचा फाटका, पण आकड्यांना भित्रा. आज ना उद्या द्यायचेच तर आजच गेलेले बरे म्हणून त्यानं हप्ता वाढवून घेतला. मास्तरांनी मात्र मान हलवली आणि म्हणाले, "मुदत."

त्यामागे कापडाची अक्कल होती. गिऱ्हाइकाची कंबर वाढली म्हणून मास्तर कधी नवी पँट शिवायला सांगत नसत. शिवणीच्या आत कापड जास्तीचं राखून ठेवलेलं असतं, त्याला शिंपी माया म्हणतात. शिवण उसवायची, आतलं कापड बाहेर घ्यायचं, पुन्हा टीप मारायची. नवं कापड नाही, खर्च नाही, गिऱ्हाईक खूश. बँकही तसंच आतलं काहीतरी सैल करून देत असणार, असं मास्तरांच्या डोक्यानं घेतलं. "मुदत थोडी वाढेल हं," काउंटरवरच्या माणसानं सांगितलंही होतं. मास्तरांच्या भाषेत थोडी म्हणजे अर्धा इंच.

दर तीनदा चढला आणि तिन्ही वेळा मास्तरांनी "मुदत" म्हटलं. आणि तेवढ्यावर गप्प बसले असते तरी चाललं असतं. पण नाही! सलूनमध्ये दाढीला बसले की सुरूच.

"काय रे, किती भरतोस आता?"

"पावणेएकोणीस," वस्तरा परजत सलूनवाला सांगायचा.

"मी पावणेसतराच. एक पैसा वाढवू दिला नाही. बोलता आलं पाहिजे माणसाला!"

"मास्तर, वस्तरा गळ्यावर आहे. जरा बेतानं बोला."

वर्षानुवर्षं हेच. बँक वर्षातून एकदा हिशेबाचा कागद पाठवायची. कागद चांगला जाड, मागून कोरा. मास्तर तो दुकानात नेऊन त्याचं कॉलरचं पेपर कटिंग करायचे. शहरातल्या निम्म्या पुरुषांच्या गळ्याभोवती मास्तरांच्या कर्जाची आकृती फिरत होती. ती वाचली नव्हती ती मास्तरांनीच.

विसावं वर्ष संपत आलं तसे मास्तर हलके झाले. मालकांना सांगून टाकलं की शेवटचा हप्ता गेला की मी चाललो. मालकांनीही दुकानाच्या रीतीप्रमाणे कोटाचं कापड काढलं. कापणारा माणूस दुकान सोडतो तेव्हा त्याला एक कोट शिवून देतात, आणि तो कापतं त्याच्या जागी येणारं माणूस. मास्तरांच्या जागी ताई येणार होती. नऊ वर्षं ती मागच्या अंधाऱ्या टेबलावर अस्तरं कापत होती. खिडकीजवळच्या टेबलावर तिचा डोळा होता आणि ती ते लपवतही नव्हती.

तिनं मास्तरांना टेप लावला. चौतीस वर्षांत पहिल्यांदा दुसऱ्या कुणीतरी त्यांचं माप घेतलं. उजवा खांदा डाव्यापेक्षा एक इंच खाली निघाला.

"पुन्हा घे," मास्तर म्हणाले.

"तीनदा घेतलं," ताई म्हणाली. "कात्रीनं ओढलाय."

मास्तरांनी खांद्यावरून हात फिरवून पाहिला. लोकांचे वाकडे खांदे त्यांनी जन्मभर कोटात आत भर घालून सरळ केले होते. स्वतःचा त्यांना आरशातसुद्धा दिसला नव्हता.

मग ती सकाळ आली. मास्तर, वहिनी आणि सलूनवाला, तिघं बँकेत गेले. वहिनींनी ठेवणीतली पर्स घेतली होती, घराचे कागद त्यात दुमडून बसतील अशा हिशेबानं. आत खुर्चीवर चष्मेवाल्या मॅडम. वयानं मुलीएवढ्या, आवाजानं मुख्याध्यापिका.

सलूनवाल्याचं पाच मिनिटांत झालं. "अभिनंदन काका. कर्ज संपलं. मूळ कागद आठ दिवसांत न्या." सलूनवाल्यानं टेबलाला हात लावून नमस्कार केला. टेबलाला का, ते त्यालाही सांगता आलं नसतं.

मग मॅडमनी मास्तरांचं खातं उघडलं आणि बराच वेळ पडद्याकडे बघत राहिल्या.

"काका, तुम्ही कशासाठी आलात?"

"कागद न्यायला."

"तुमचे दहा लाख बत्तीस हजार बाकी आहेत."

मास्तर हसले. हसू येण्यासारखंच होतं. "नाही हो, ते दुसऱ्या कुणाचं असेल. वीस वर्षं झाली माझी. एक हप्ता चुकला नाही."

"चुकला नाहीच. पण अजून सात वर्षं दोन महिने आहेत."

 मग वहिनींनी पर्स मांडीवरून टेबलावर ठेवली. घरी दुकानाची काज-बटणं करून करून त्यांच्या बोटांची टोकं दगडासारखी झाली होती. त्या बोटांनी त्यांनी पडदा आपल्याकडे फिरवायला सांगितला.

"आतापर्यंत आम्ही दिले किती?"

"चाळीस लाखांच्या थोडे वर."

"आणि घेतले होते वीस."

"हो काकू."

"आणि वीसमधले दहा अजून तसेच?"

"दर वाढला आणि हप्ता तोच राहिला, की त्या हप्त्यातलं जास्त व्याजात जातं. मुद्दलाला चिमूटभर लागतं. त्यातून तुमचा दर चढला तो सुरुवातीलाच, मुद्दल सगळं उभं असताना. काकांनी मुदत वाढवायच्या अर्जावर तीनदा सही केली आहे."

"थोडी वाढेल म्हणाला होता तो," मास्तर पुटपुटले.

मॅडमनी चष्मा काढला. आता आवाज मुख्याध्यापिकेचा राहिला नाही. "काका, तेव्हा महिन्याला दोन हजार वाढवले असते तर आज तुम्हीही यांच्यासारखे मोकळे असता. सतरा वर्षांत ते झाले असते चार लाख. ते वाचवायला तुम्ही आता पुढचे चौदा लाख भरणार."

सलूनवाल्यानं खिडकीबाहेर बघायला सुरुवात केली. बाहेर बघण्यासारखं काही नव्हतं, समोर एक भिंत होती.

मास्तरांच्या डोक्यात पँट फिरत होती. शिवण उसवून आतलं बाहेर घेतलेली. पण पँटमधलं जास्तीचं कापड गिऱ्हाइकानं आधीच विकत घेतलेलं असतं, म्हणून ते फुकट. इथं बँकेनं दर वेळी नव्या थानातलं फाडून दिलं होतं, आणि कात्री मास्तरांनीच चालवली होती.

"मी सोडतोय काम," ते म्हणाले. मॅडमना नव्हे, टेबलाला. "कोट कापलाय माझा."

वहिनींनी त्यांच्याकडे पाहिलं नाही. त्या क्षणी पाहिलं असतं तर दोघांचंही अवघड झालं असतं. त्यांनी मॅडमना विचारलं, "माझी ठेव आहे ना इथं? साडेचार लाखांची. अडीनडीला ठेवलेली."

"आहे. सहा टक्क्यांनी."

"आणि यांचं कर्ज?"

"पावणेदहा."

वहिनींनी दोन बोटं काउंटरच्या दोन खिडक्यांकडे रोखली. "म्हणजे त्या खिडकीवर मी तुम्हाला सहानं द्यायचे आणि या खिडकीवर यांनी तेच पावणेदहानं उचलायचे? आणि हे इतकी वर्षं चाललंय? अहो, ऐकताय का?"

मास्तर ऐकत होते, पण लांबून.

"चार लाख कर्जात टाका," वहिनी म्हणाल्या. "पन्नास हजार राहू देत, दुखण्याखुपण्याला. हप्ता दोन हजारांनी वाढवा. आता किती?"

मॅडमनी बटणं दाबली. "तीन वर्षं चार महिने."

"यापेक्षा कमी?"

"महिन्याला आणखी भरलंत तर होईल."

"नाही होणार," वहिनी म्हणाल्या. ठेवीतल्या त्या पैशांतूनच वहिनींना समुद्र बघायचा होता, हे फक्त मास्तरांना ठाऊक होतं. मास्तरांनी सही केली. या वेळी सहीच्या आधी सगळा कागद वाचला, पार खालच्या मुंगीएवढ्या अक्षरांपर्यंत. वाचताना ओठ हलत होते. मागं रांग लागली तरी थांबले नाहीत.

तिघं घरी यायला निघाले. सलूनवाल्यानं पावती खिशातून काढून शर्टाच्या आत सरकवली, कुणाला दिसू नये अशी. सतरा वर्षं त्यानं ऐकून घेतलं होतं. आज त्याचा दिवस होता. बिल्डिंगच्या दारात मास्तरच थांबले.

"बोल," ते म्हणाले. "बोलून टाक एकदा."

सलूनवाल्यानं डोकं खाजवलं. "काय बोलू? मला कुठं कळत होतं? मी तर घाबरून वाढवला होता." मग जरा थांबून, "दाढी वाढलीय तुमची. येऊन बसा. आज वस्तरा आणि तोंड, दोन्ही बंद ठेवतो. मशीन फिरवतो."

मास्तर हसले. बँकेतल्यापेक्षा बरं हसू होतं ते.

खरी कठीण जागा पुढेच होती. दुसऱ्या दिवशी ते दुकानात गेले तेव्हा खिडकीजवळच्या टेबलावर ताईचा खडू होता, ताईची कात्री होती. तिनं टेबल पुसून लख्ख केलं होतं. कोट हँगरवर टांगलेला, कच्च्या शिलाईचा, पांढरे टाके बाहेर दिसणारा. एक बाही लागलेली, दुसरी टेबलावर.

मास्तरांनी मालकांना सगळं सांगितलं. मालक कुरकुरले, पण मास्तरांचा हात त्यांना हवाच होता. "या," म्हणाले, "पण टेबल मी तिला देऊन बसलोय."

आता तिघांच्याही नजरा त्या टेबलावर. ताईनं ओठ घट्ट मिटले. नऊ वर्षं अंधारात अस्तरं कापलेली बाई उजेडातून उठायला सांगितलं तर उठेल, पण विसरणार नाही.

"टेबल तिचंच," मास्तर म्हणाले. "मी अस्तरं कापेन. मागे स्टूल ठेवा तेवढं. अस्तर बसून कापता येतं."

"येत नाही बसून," ताई म्हणाली. "मी करून बघितलंय." आणि तिनं आपली कात्री उचलून टेबलाच्या एका टोकाला नेली. खडूनं मधोमध एक रेघ ओढली. "खिडकीकडचं अर्धं तुमचं. डोळे तुमचे गेलेत, माझे नाहीत. रेघेच्या इकडे कोपर आलं तर ऐकून घेणार नाही."

तीन वर्षं चार महिने म्हणजे रोज उठून त्या रेघेशी उभं राहायचं होतं. मास्तरांनी टेबलाच्या कडेला हात टेकले. पाय आत्ताच दुखायला लागले होते.

"कोटाचं काय करू?" ताईनं सुटी बाही उचलून विचारलं. "उसवू?"

"टांगून ठेव."

"तीन वर्षांत अंग बदलेल तुमचं. माया किती सोडू?"

मास्तरांनी कोटाचा उजवा खांदा चिमटीत धरून पाहिला. कापणी चांगली होती. एक इंच खाली, जसा होता तसा, भर न घालता कापलेला.

"सोड पुष्कळ," ते म्हणाले. "खांद्यात जास्त सोड."

मग त्यांनी टेप गळ्यात अडकवला आणि दारातून आत येणाऱ्या गिऱ्हाइकाच्या कमरेकडे बघितलं.